लाखो ध्वनिफाइलींचे टॅग कंटेनरमधून बदलणे : पॉड वाढवले आणि गाणी मध्येच मागे जाऊ लागली

नादखुळा

आमच्या संग्रहात सुमारे ४ लाख ध्वनिफाइली आहेत. बहुतेक एमपी३ आणि फ्लॅक, थोड्या एम४ए, आणि सगळ्या एकाच एनएफएस सर्व्हरवर, म्हणजे नेटवर्कवरून वापरायच्या साठवणीवर, ठेवलेल्या. निरनिराळ्या हातांनी वर्षानुवर्षे भरलेले टॅग (फाइलीतच नोंदलेली शीर्षक, कलाकार, अल्बम अशी माहिती) एकसारखे करावेत आणि प्रत्येक फाइलीत मुखपृष्ठाचे चित्र घालावे, असे काम अंगावर आले. एमपी३ आणि फ्लॅकसाठी म्युटॅजेन (टॅग बदलणारी पायथनची लायब्ररी) आणि एम४एसाठी एफएफएमपेग (ध्वनी-चित्रफाइलींवर काम करणारे साधन) वापरणारी पायथनची स्क्रिप्ट मी लिहिली, ती डॉकर इमेजमध्ये, म्हणजे कंटेनर ज्यातून सुरू होतो त्या तयार गठ्ठ्यात, बसवली आणि स्वतःच्या संगणकावर दोन-तीनशे फाइलींवर चालवून पाहिली. सगळे सुरळीत झाले. मग तीच इमेज कुबरनेटीसवर (अनेक संगणकांवर कंटेनर चालवणारी व्यवस्था) ४० पॉडमध्ये, म्हणजे एकाच वेळी चालणाऱ्या ४० प्रतींत, चालवली आणि ज्यांचा उलगडा मला होत नाही अशा तीन गोष्टी घडल्या.

एक म्हणजे, १० पॉडना जेवढा वेळ लागला होता त्याहून ४० पॉडना जास्त लागला, आणि या काळात प्रोसेसर जवळजवळ रिकामेच बसले होते. दुसरे, बऱ्याच फाइलींचा मालक बदलून रूट, म्हणजे सर्वाधिकारी वापरकर्ता, झाला. तिसरी गोष्ट सर्वांत विचित्र आहे. मध्यंतरी मी काम थांबवून पुन्हा सुरू केले होते. नंतर ऐकताना लक्षात आले की काही एमपी३ फाइली पूर्ण वाजतात, कुठलीही त्रुटी दाखवत नाहीत, पण मध्येच गाणे २०-२५ सेकंद मागे जाते, तोच भाग पुन्हा वाजतो आणि मग पुढे नीट चालू राहते. फाइल तुटली असती तर मी समजू शकलो असतो. या फाइली तोतऱ्या झाल्या आहेत.

सावकाश

तिसऱ्या प्रश्नाचे उत्तर पहिल्या प्रश्नाच्या उत्तरात दडलेले आहे, म्हणून थोडे मुळापासून सांगतो.

आयडी३ची, म्हणजे एमपी३मधल्या टॅगच्या आराखड्याची, पहिली आवृत्ती फाइलीच्या शेवटी चिकटवलेला नेमका १२८ बाइटांचा ठोकळा होती. शीर्षकाला ३०, कलाकाराला ३०, अल्बमला ३० अशी ठरलेली जागा असल्यामुळे टॅग बदलणे म्हणजे शेवटचे १२८ बाइट पुसून पुन्हा लिहिणे, एवढेच काम होते. दुसऱ्या आवृत्तीपासून टॅग फाइलीच्या सुरुवातीला गेला आणि त्याची लांबी मोकळी झाली. वाचणाऱ्याची यात मोठी सोय झाली, पण लिहिणाऱ्याच्या मागे नवी कटकट लागली : टॅग वाढला आणि त्याच्यामागे राखून ठेवलेली रिकामी जागा, म्हणजे पॅडिंग, पुरली नाही, तर त्यानंतरचा सगळा आवाज पुढे सरकवावा लागतो. शीर्षकातले एक अक्षर दुरुस्त केले तर बहुधा पॅडिंगमध्ये भागते. तुम्ही मात्र प्रत्येक फाइलीत चित्र घातले आहे. म्हणजे ४ लाखांपैकी जवळजवळ प्रत्येक फाइल संपूर्ण वाचली गेली आणि संपूर्ण पुन्हा लिहिली गेली, तीही नेटवर्कवरून. या कामात प्रोसेसरला करण्यासारखे काहीच नाही. ४० पॉड म्हणजे एकाच डिस्कसंचावर एकाच वेळी ४० ठिकाणी चाललेली उचकापाचक, आणि फिरत्या डिस्क असतील तर १० पॉडपेक्षा ती संथ होणे अगदी स्वाभाविक आहे.

आता तोतरेपणाकडे येऊ. म्युटॅजेन नवी फाइल तयार करत नाही, आहे त्याच फाइलीत जागा करते. त्यासाठी ते आधी फाइलीची लांबी वाढवते आणि मग शेवटाकडून सुरुवात करून एकेक तुकडा पुढे ढकलत आणते. सुरुवातीला जागा मोकळी झाली की सर्वांत शेवटी नवा टॅग लिहिला जातो. हे ढकलणे अर्ध्यावर असताना प्रक्रिया मारली गेली, तर फाइलीचा पुढचा भाग मूळ जागी राहतो, मागचा भाग सरकलेला असतो, आणि दोहोंच्या सांध्यावर वाढीव लांबीइतका आवाज दोनदा येतो. तुमचे चित्र सुमारे ६०० केबीचे असेल आणि फाइल १९२ किलोबिट दराची असेल, तर सेकंदाला २४,००० बाइट या हिशेबाने ती पुनरावृत्ती २५ सेकंदांची होते. एमपी३ वाजवणारे सॉफ्टवेअर पुढची चौकट (आवाजाचा छोटा तुकडा) शोधून वाजवत राहते, त्यामुळे त्याला तक्रार करण्याचे कारणच दिसत नाही. अशा फाइलींचा टॅग तपासा, तो जुनाच सापडेल.

चिकित्सक

मालकाचे कोडे सोपे आहे. मालक बदललेल्या सगळ्या फाइली एम४ए असणार. एफएफएमपेग आहे त्या फाइलीत बदल करू शकत नाही, ते नेहमी नवीच फाइल लिहिते, आणि तुमचा कंटेनर रूट म्हणून चालत असल्याने नवी फाइल रूटच्या मालकीची झाली. म्युटॅजेनने जुन्याच फाइलीत लिहिल्यामुळे तिथे मालक टिकला. पॉडच्या व्याख्येत वापरकर्ता आणि गट यांचे क्रमांक स्पष्ट द्या आणि ते क्रमांक एनएफएस सर्व्हरवरच्या मालकाशी जुळवा. कंटेनरमधले नाव काहीही असले तरी फाइलीवर उमटतो तो क्रमांकच. उमास्कही (नव्या फाइलीच्या परवानग्या ठरवणारी सेटिंग) ठरवून टाका, नाहीतर पुढच्या वेळी मालक बरोबर येईल आणि गटाची लिहिण्याची परवानगी जाईल.

एक सूचना, जी तुम्हाला नव्हे तर ब्लॉक डिस्क वापरणाऱ्यांना लागू आहे : पॉडच्या व्याख्येत एफएसग्रुप (फाइलींचा गट ठरवणारी नोंद) दिला, तर व्हॉल्यूम, म्हणजे पॉडची साठवण, जोडताना कुबरनेटीस त्यातल्या प्रत्येक फाइलीचा गट बदलत बसते. लाखो फाइली असतील तर पॉड बराच वेळ सुरूच होत नाही आणि आपण भलतीकडेच दोष शोधत राहतो. मुळाशी गट जुळत असेल तर हे काम टाळण्याचे धोरण त्याच व्याख्येत देता येते.

नादखुळा

दोघांचेही आभार. तपासले. मालक बदललेल्या सगळ्या फाइली एम४ए आहेत आणि तोतऱ्या फाइलींचे टॅग जुनेच आहेत. चित्रे ५०० ते ६०० केबीची होती. अंदाज इतका नेमका लागल्याने थोडा ओशाळलो.

पण थांबवताना मी पॉड नेहमीच्या पद्धतीने काढले होते, जबरदस्तीने मारले नव्हते. मग प्रक्रिया अर्ध्यावर कशी मेली?

पहारेकरी

तुमच्या इमेजमध्ये सुरुवातीची आज्ञा शेलमधून (आज्ञा चालवणाऱ्या प्रोग्रॅममधून) चालत असणार. पॉड काढताना कुबरनेटीस आधी सिगटर्म (थांबण्याची विनंती करणारा संकेत) पाठवते, ३० सेकंद थांबते आणि मग सिगकिल (तत्काळ मारणारा संकेत) देते. नुसत्या डॉकरमध्ये ही मुदत १० सेकंदांची असते. सिगटर्म जातो तो कंटेनरमधल्या १ क्रमांकाच्या प्रक्रियेकडे. तिथे शेल बसला असेल तर तो हा संकेत पायथनपर्यंत पोहोचवत नाही. शेल काढून पायथनलाच १ क्रमांकावर बसवले तरी काम संपत नाही, कारण १ क्रमांकाच्या प्रक्रियेने स्वतः संकेत हाताळला नाही तर सिगटर्मचा तिच्यावर परिणामच होत नाही. दोन्ही प्रकारांत ३० सेकंद काम चालू राहते आणि मग जी फाइल हातात असेल तिच्यासकट सगळे संपते. तुम्ही थांबवलेल्या पॉडचा निर्गमन क्रमांक १३७ असेल. संकेत पोहोचून त्यानेच प्रक्रिया संपली असती तर १४३ दिसला असता.

आज्ञा यादीच्या रूपात लिहा म्हणजे शेल मध्ये येणार नाही, आणि स्क्रिप्टमध्ये सिगटर्म आल्यावर फक्त एक खूण उभारा : हातातली फाइल पूर्ण करायची, पुढची घ्यायची नाही. मुदत १२० सेकंदांपर्यंत वाढवली तरी काही बिघडत नाही. १३७ मात्र मेमरी संपल्यावरही येतो, तेव्हा तोही प्रकार डोळ्यांसमोर ठेवा.

सावकाश

हे सगळे करावेच, पण त्यावर विसंबू नये. वीज जाते, नोड (पॉड चालवणारा संगणक) बंद पडतो, मेमरी संपली की कर्नल कोणाला विचारत नाही. फाइल जागच्या जागी बदलणे हीच मूळ चूक आहे. प्रत पॉडच्या स्थानिक डिस्कवर आणा, तिथे टॅग बदला, तपासा, मग ती मूळ फाइलीच्याच फोल्डरमध्ये तात्पुरत्या नावाने परत लिहा, एफसिंक करा, म्हणजे लिहिलेले खरोखर डिस्कवर पोहोचवा, आणि शेवटी नाव बदला. नाव बदलण्याची क्रिया एकतर पूर्ण होते किंवा होतच नाही. शिवाय एनएफएसवर फाइल एकदा सलग वाचली आणि एकदा सलग लिहिली जाते. पुढेमागे ढकलाढकली होते ती स्थानिक डिस्कवर.

तात्पुरती फाइल त्याच फोल्डरमध्ये हवी, यावर मी मुद्दाम जोर देतो. ती तात्पुरत्या फोल्डरात ठेवून तिथून नाव बदलायला गेलात तर ईएक्सडेव्ह त्रुटी येते, कारण दोन फाइलसिस्टिमच्या सीमेवरून नाव बदलता येत नाही. कंटेनरमध्ये हे आणखी फसवे होते : यजमान संगणकाच्या एकाच डिस्कवरचे दोन फोल्डर तुम्ही वेगवेगळे जोडले, तरी कंटेनरच्या दृष्टीने त्या दोन जोडण्या असतात आणि हीच त्रुटी येते. पायथनचे शटिल (फाइली हलवण्याचे मॉड्यूल) अशा वेळी गुपचूप कॉपी करून वेळ मारून नेते आणि आपल्याला वाटते की नाव बदलले.

बाराखडी

मी या क्षेत्रात नवखी आहे. फाइली इमेजमध्येच कॉपी करून घेतल्या आणि तिथे बदलल्या तर?

पहारेकरी

तसे केल्यास जी फाइल उघडून लिहाल, ती आधी संपूर्णपणे वरच्या लिहिण्यायोग्य थरात उतरवली जाईल आणि मग बदलेल. इमेजच्या खालच्या थरातले काहीही जागच्या जागी बदलत नाही. म्हणजे कॉपीवर कॉपी, आणि कंटेनर काढला की केलेले काम त्याच्यासोबत गेले. इमेजमध्ये फक्त साधन असावे. आवाज बाहेरून जोडलेला असावा.

चिकित्सक

नाव बदलण्याच्या पद्धतीला माझी एक हरकत आहे. ज्यांच्या संग्रहात एकच फाइल हार्ड लिंकने दोन ठिकाणी दिसते, त्यांच्याकडे ही पद्धत ती जोडी तोडते : एका नावाखाली नवी फाइल येते, दुसऱ्या नावाखाली जुनीच राहते आणि जागा दुप्पट लागते. जागच्या जागी लिहिल्यास दोन्हीकडे बदल दिसतो. सरसकट शिफारस करण्यापूर्वी लिंकची संख्या एकपेक्षा जास्त असलेल्या फाइली वेगळ्या काढाव्यात. मालक, परवानग्या आणि विस्तारित गुणधर्मही नव्या फाइलीवर आपल्यालाच चढवावे लागतात.

सावकाश

हरकत मान्य. अशा फाइलींसाठी मी जोडीतली सगळी नावे गोळा करून, एकाचे नाव बदलल्यावर उरलेल्या लिंक पुन्हा बांधतो. किचकट आहे, पण अर्धवट सरकलेल्या फाइलीपेक्षा बरे.

नादखुळा

कामाची विभागणी कशी करावी? मी फाइलीच्या मार्गाचा हॅश (मजकुरावरून निघणारी संख्या) काढून त्याला ४० ने भागत होतो आणि बाकी येईल त्या क्रमांकाच्या पॉडने ती फाइल घ्यावी, असे ठरवले होते. तरीही नोंदींत काही फाइली दोन पॉडनी हाताळलेल्या दिसतात, आणि काहींना कोणी हातच लावलेला नाही.

पहारेकरी

पायथनचे अंगभूत हॅश वापरलेत ना? अक्षरमालेसाठी ते प्रत्येक प्रक्रियेत वेगळी संख्या देते. ३.३ आवृत्तीपासून सुरक्षिततेसाठी तसे मुद्दाम केलेले आहे. तुमच्या प्रत्येक पॉडने विभागणीचा आपापला नकाशा काढला. सीआरसी३२ किंवा एसएचए२५६ ही हॅशची पद्धत घ्या, ते सगळीकडे सारखेच येते. पॉडला क्रमांक देण्यासाठी अनुक्रमांकित (इंडेक्स्ड) जॉब वापरा, कुबरनेटीसच्या १.२४ आवृत्तीपासून ती सोय स्थिर आहे आणि प्रत्येक पॉडला स्वतःचा क्रमांक एन्व्हायर्नमेंट व्हेरिएबलमधून मिळतो.

आणि विभागणी फाइलीच्या मार्गावर न करता फोल्डरच्या मार्गावर करा. अल्बमची रिप्लेगेन पातळी (गाणी सारख्याच मोठ्या आवाजात वाजावीत यासाठीची नोंद) काढायची तर सगळी गाणी एकाच हाती लागतात, आणि मुखपृष्ठ तर अल्बमचेच असते.

सावकाश

मला वाटते, मुळात वाचणे, ठरवणे आणि लिहिणे हे तीन वेगळे टप्पे करायला हवेत, कारण तिघांच्या मर्यादा वेगळ्या आहेत.

वाचण्याला खुशाल ४० पॉड लावा. आयडी३च्या पहिल्या १० बाइटांतच टॅगची लांबी असते आणि फ्लॅकचे सगळे वर्णनठोकळे सुरुवातीला असतात, त्यामुळे फाइलीचा अगदी थोडा भाग वाचून भागते. एम४एमध्ये वर्णनाचा भाग शेवटीही असू शकतो, एवढे ध्यानात ठेवावे.

ठरवण्याच्या टप्प्यावर पॉड वाढवून काहीही मिळत नाही. म्युझिकब्रेन्झ हे संगीताच्या माहितीचे खुले विदागार एका आयपी पत्त्यामागे सरासरी सेकंदाला एकच विनंती स्वीकारते, जास्त झाल्या तर ५०३ उत्तर देते, आणि आपण कोण आहोत हे सांगणारा अर्थपूर्ण यूझर-एजंट मागते. ४० पॉड एकाच पत्त्यामागून बाहेर पडत असतील तर ते एकमेकांचाच घास काढून घेतात. अल्बममागे एक विनंती करावी, उत्तर साठवून ठेवावे, आणि काम फारच मोठे असेल तर त्यांच्या विदागाराची प्रत आपल्याकडे उभारावी. त्यासाठी त्यांची डॉकरची मांडणी उपलब्ध आहे. या टप्प्यातून बाहेर पडणारी गोष्ट म्हणजे एक साधी मजकूर फाइल : प्रत्येक ओळीत एका ध्वनिफाइलीचा मार्ग, जुना टॅग आणि प्रस्तावित नवा टॅग. ती माणसाला वाचता येते, तिच्यावर शोध घेता येतो, आणि चूक कळते ती लिहिण्याआधी.

लिहिण्याला मात्र अगदी मोजके पॉड. दोनपासून सुरुवात करावी आणि एकूण गती वाढणे थांबेपर्यंत एकेक वाढवावा. जुना आणि नवा टॅग सारखाच असेल तर फाइलीला हात लावू नये. यामुळे काम कितीदाही पुन्हा चालवता येते. शिवाय फाइलीची वेळ विनाकारण बदलत नाही, नाहीतर बॅकअप आणि संगीत सर्व्हर दोघेही सगळा संग्रह नवा समजून कामाला लागतात.

बाराखडी

बीट्स हे साधन वाचणे, ठरवणे आणि लिहिणे असे सगळेच करते, असे वाचले. ते ४० पॉडमध्ये चालवता येणार नाही का?

चिकित्सक

साधन उत्तम आहे, पण त्याची नोंदवही एसक्यूलाइटमध्ये, म्हणजे एकाच फाइलीत राहणाऱ्या विदागारात, असते. ती फाइल एनएफएसवर ठेवून अनेक पॉडनी एकदम लिहिणे म्हणजे विषाची परीक्षा. एसक्यूलाइटची वॉल (बदल आधी वेगळ्या नोंदीत लिहिण्याची) पद्धत नेटवर्कवरच्या फाइलसिस्टिमवर चालतच नाही, कारण सगळ्या प्रक्रियांना मेमरीचा एक तुकडा सामाईक लागतो. एका पॉडमध्ये, स्थानिक डिस्कवर नोंदवही ठेवून बीट्स अगदी नीट चालते.

साधनांविषयी आणखी एक. म्युटॅजेन काही सांगितले नाही तर आयडी३ची २.४ आवृत्ती लिहिते. दुसऱ्या पॉडमधले दुसरे साधन २.३ लिहीत असेल, तर वर्षाचा रकाना एकीकडे एका नावाने आणि दुसरीकडे दुसऱ्या नावाने पडतो, आणि तुलना करणाऱ्या स्क्रिप्टला प्रत्येक वेळी फरक दिसून ती फाइल पुन्हापुन्हा लिहीत बसते. कोणती आवृत्ती लिहायची ते एकदाच ठरवावे. इमेजही लेटेस्ट या खुणेने न घेता डायजेस्टने (त्या नेमक्या इमेजच्या न बदलणाऱ्या ओळखक्रमांकाने) घ्यावी, म्हणजे काम चालू असताना अर्ध्या पॉडमध्ये वेगळी म्युटॅजेन शिरणार नाही.

ओलेती पाटी

देवनागरीतली नावे असतील तर दोन गोष्टी पाहाव्यात. इमेजमध्ये लोकॅल (भाषा आणि अक्षरसंकेत ठरवणारी सेटिंग) सी.यूटीएफ-८ ठेवावे. आधुनिक पायथन स्वतःला सावरून घेतो, पण बाकीची साधने सावरतीलच असे नाही. आणि टॅगवरून फाइलीचे नाव तयार करत असाल, तर नावाची मर्यादा २५५ बाइटांची असते, अक्षरांची नाही. देवनागरीचे प्रत्येक चिन्ह यूटीएफ-८ मध्ये ३ बाइट घेते, मात्रा आणि हलन्तही स्वतंत्र मोजले जातात, म्हणून नाव ८५ चिन्हांतच संपते. तात्पुरत्या नावासाठी जोडलेले शेपूटही त्यातच बसवावे लागते.

तुलना करण्यापूर्वी दोन्ही बाजू एनएफसी या युनिकोडच्या प्रमाण रूपात आणाव्यात. ‘ऱ’ हे एका चिन्हाने लिहिता येते आणि र अधिक नुक्ता असेही. दिसते एकच, बाइट वेगळे. एनएफसी त्यांना एका चिन्हात आणते. गंमत म्हणजे नुक्त्याच्या ‘क़’चे याच्या उलट होते : एनएफसी त्याची दोन चिन्हांत फोड करते. त्यामुळे ‘एनएफसी म्हणजे नेहमी जोडलेले रूप’ असे गृहीत धरणारी तपासणी फसते.

नादखुळा

हाच संग्रह पुढे ऑब्जेक्ट साठवणीवर न्यायचा विचार आहे. तिथे हे सगळे सोपे होईल का?

पहारेकरी

वाचणे सोपे होईल, कारण हवे तेवढेच बाइट मागता येतात. लिहिणे तसे नाही : एस३ (ॲमेझॉनची ऑब्जेक्ट साठवण) प्रकारच्या साठवणीत वस्तूचा, म्हणजे साठवलेल्या फाइलीचा, मधला भाग बदलताच येत नाही, पूर्ण वस्तू पुन्हा ठेवावी लागते. एक पळवाट आहे. बहुभागी अपलोडमध्ये पहिला भाग आपण नव्या टॅगसह पाठवायचा आणि उरलेला भाग साठवणीलाच जुन्या वस्तूतून उचलायला सांगायचा. मात्र शेवटचा सोडून प्रत्येक भाग किमान ५ एमबीचा लागतो, त्यामुळे लहान एमपी३साठी याचा उपयोग नाही. लांब फ्लॅकसाठी आहे. अर्धवट लिहिलेली फाइल हा प्रकार मात्र तिथे उद्भवत नाही, एवढे खरे.

सावकाश

तपासणीचे राहिलेच. टॅग बदलला तरी आवाज बदलता कामा नये, आणि हे सिद्ध करता येते. एफएफएमपेगला फक्त आवाजाचा प्रवाह, पुन्हा एन्कोड न करता, घेऊन त्याचा एमडी५ (बाइटांवरून निघणारा ठसा) काढायला सांगावे, आधी एकदा आणि नंतर एकदा. दोन्ही जुळले नाहीत तर नाव बदलायचे नाही. फ्लॅकमध्ये मूळ आवाजाचा एमडी५ फाइलीतच नोंदलेला असल्याने फ्लॅकची स्वतःची चाचणीही चालते. एमपी३मध्ये असे काही नसते, म्हणून तुमच्या तोतऱ्या फाइली कोणाच्याच लक्षात आल्या नाहीत.

नादखुळा

दोन आठवड्यांनी परत लिहितो आहे. लिहिण्याला आता ६ पॉड आहेत, त्यापुढे गती वाढत नाही. स्थानिक प्रतीसाठी आधी मेमरीतले तात्पुरते फोल्डर वापरले होते, पण त्यातल्या फाइली पॉडच्या मेमरीत मोजल्या जातात आणि मोठ्या फ्लॅकवर पॉड १३७ क्रमांकाने पडू लागले. आता साध्या डिस्कवरचे फोल्डर आहे.

तोतऱ्या एमपी३ शोधण्यासाठी कामाआधीची फाइलींच्या आकारांची यादी उपयोगी पडली : टॅग जुना पण आकार वाढलेला, अशा १७३ फाइली निघाल्या. १६२ बॅकअपमधून परत आणल्या. उरलेल्या ११ फाइलींचा बॅकअप नव्हता. त्यांत, आकार जेवढ्याने वाढला तेवढ्या अंतरावर तेवढेच बाइट जसेच्या तसे पुन्हा कुठे येतात ते शोधले आणि त्यातली एक प्रत कापून काढली. ९ फाइलींचा आकार यादीशी जुळला आणि त्या आता सलग वाजतात. उरलेल्या दोन बहुधा एका तुकड्याच्या लेखनातच अडकल्या असाव्यात. त्यांच्या सांध्यावर बारीक टिचका ऐकू येतो. मूळ ध्वनिमुद्रण हाती लागेपर्यंत त्या तशाच ठेवल्या आहेत आणि टिप्पणीच्या टॅगमध्ये तशी नोंद केली आहे.